सोळा बॉट आणि एक व्हय म्हाराजा

मालवण,
१० सप्टेंबर २००९

तीर्थरूप दत्ताराममामांच्या पायांवर भाचा प्रितेश याचं डोकं.

गुडघा कसा आहे? मामींचा खोकला थांबला का? आमच्याकडे आई बरी आहे, माड बरे धरलेत, जाळ्यात सुंगटं यंदा बरी पडताहेत, आणि बाबा अजिबात बरे नाहीत. म्हणजे प्रकृती ठणठणीत आहे (काल एकट्याने नांगर ओढला), पण माझ्याशी बोलत नाहीत. मी वाटेत उभा असलो तर आईला सांगतात, त्या सर्व्हराक सांग बाजूक हो. चतुर्थीला तुम्ही आलात तेव्हा सातवा मोदक फोडता फोडता तुम्ही त्यांना सल्ला दिलात की इंटरनेट म्हणजे घरात पाळलेली घोणस, आजच्या आज ठेचा. बाबांनी आयुष्यात कुणाचं ऐकलं नाही, ना माझ्या आजोबांचं, ना बंदरखात्याचं, पण मेव्हण्याचा शब्द म्हणजे त्यांना देवाचा कौल. कनेक्शन तोडायचा अर्ज त्यांनी शेजारच्या मास्तरांकडून लिहून घेतलाय, आणि महिनाअखेरीला द्यायचा म्हणून तो सध्या गणपतीच्या रिकाम्या पाटाखाली आहे. मामा, तुम्ही अर्धी हकीकत ऐकून निकाल दिलात. म्हणून पुरी हकीकत लिहितो. फोनच केला असता, पण तुमच्याकडे फोन मामी उचलतात, आणि काही गोष्टी मामाभाच्यांतच बऱ्या.

तुमचा प्रितम शारजाला जाईपर्यंत आम्ही दोघं दर सोमवारी दुपारी तो बंदुकीचा खेळ खेळायचो, तो तुमच्या फोंडाघाटाच्या घरातून आणि मी इथून. (सोमवारी मालवणात मासे कोण खात नाही, म्हणून आमचा बर्फाचा कारखाना दुपारनंतर झोपतो.) खेळ जर्मन आणि इंग्रज यांच्या लढाईचा, सात-आठ वर्षांपूर्वीचा. आता जगातले शहाणे लोक नव्या खेळांकडे गेले, पण माझ्या कॉम्प्युटरवर नवा खेळ चालत नाही. सुरू केला की आतला पंखा असा घरघरतो की शेजारची काशीबाई कोयता घेऊन बघायला येते, माडार कोण चढलो. तर जुनाच खेळ. पण तो खेळायला सर्व्हर लागतो. सर्व्हर म्हणजे शिमग्याचा मांड समजा, सगळी वाडी जिथे जमते तो. जगभर असे शेकडो मांड घातलेले आहेत आणि कॉम्प्युटर त्यांची यादी दाखवतो, प्रत्येकापुढे माणसं किती ते लिहिलेलं असतं. प्रितम गेला आणि मी यादी उघडली. शून्य. शून्य. शून्य. एका ठिकाणी एक होता, मी आनंदाने आत शिरलो आणि तो निघून गेला. आता असं कोण दारातून उठून जातो? आपल्याकडे नावडता पाव्हणा आला तरी लोक निदान गूळपाणी देईपर्यंत बसतात.

माणसं असलेले सर्व्हर नव्हतेच असं नाही. ब्राझीलात एक कायम भरलेला असायचा. पण मालवण ते ब्राझील म्हणजे मी चाप ओढल्यावर गोळी इथून निघणार, आणि ती तुमचा घाट चढेपर्यंत समोरचा माणूस चहा पिऊन, कप विसळून, मला ठार करून मोकळा. मी तिथे चार सोमवार फक्त मेलो. पोलंडच्या सर्व्हरवर गेलो, तर तिथल्या व्यवस्थापकाने मला पंगतीतून उठवावं तसं उठवलं, का तर माझं कनेक्शन मंद आहे आणि माझ्यामुळे त्यांच्या लढाईला अपशकुन होतो. एका ठिकाणी परवलीचा शब्द मागितला. मी रवळनाथाचं नाव घालून बघितलं, दार उघडलं नाही. मग मी रिकाम्या सर्व्हरवरच जाऊ लागलो. मामा, खरं सांगतो, सबंध पडक्या गावात एकट्याने बंदूक घेऊन फिरायचं, दारं उघडायची, कोण नाही बघून परत बंद करायची, याच्यासारखी वाईट गोष्ट नाही. दोनदा डोळ्यांत पाणी आलं. आईला सांगितलं, बर्फातल्या अमोनियाने झोंबतंय.

आणि एका सोमवारी सिंगापूरचा सर्व्हर सापडला. माणसं सोळा. जवळचा, गोळी वेळेवर पोचणारा, आणि कधीही जा, सोळाच्या सोळा हजर. ओटो, कार्ल, फ्रित्झ, हाइन्झ, सगळी जर्मन आळी. मी हरखून गेलो. शिरताच सगळ्यांना लिहायचो, बरे आसात मां? कोण उत्तर देत नसे. मला वाटलं मोठ्या गावची माणसं, आपल्याकडचे मुंबईवाले चतुर्थीला येतात तेव्हा पहिले दोन दिवस बोलतात काय? बोलतील हळूहळू. ओटोला तर मी आपल्या जत्रेचं आमंत्रणही दिलं. मग एकदा बघतो तर ओटो चर्चच्या भिंतीला तोंड लावून धावतोय. धावतोय, धावतोय, भिंत काही हलत नाही आणि ओटो काही थांबत नाही. तेव्हा ट्यूब पेटली. ही माणसंच नव्हती. ज्यांना बॉट म्हणतात, कॉम्प्युटरनेच चालवलेली बाहुली, ती होती. सर्व्हर ओस दिसू नये म्हणून मालकाने भरून ठेवलेली. आणि मी महिनाभर त्यांची तब्येत विचारत होतो.

इथून पुढचं नीट वाचा, कारण तुम्हाला बाबांनी हे भलतंच सांगितलंय. माझा कॉम्प्युटर समुद्राकडच्या खिडकीत आहे. मी खुर्चीतून उठून आईला ओरडून सांगितलं, आये, सोळाच्या सोळा बॉट आसत गो, एक पण माणूस नाय. बाबा पडवीत जाळं शिवत होते. त्यांनी बॉट ऐकलं नाही, बोट ऐकलं. त्यांनी विचारलं, खंयच्यो? मी म्हटलं, सिंगापूरच्यो. (आता मी तरी च्यो का म्हटलं? पण बाबांनी च्यो म्हटल्यावर तोंडातून च्योच येतं.) त्यांनी विचारलं, खंय दिसल्यो? मी समोर बोट केलं, म्हणजे कॉम्प्युटरकडे, पण त्याच्यामागे खिडकी आणि खिडकीमागे अरबी समुद्र. बाहेरचे ट्रॉलर येऊन आपल्या हद्दीतली मासळी खरवडून नेतात याच्यावरून गेली दोन वर्षं बंदरात काय वातावरण आहे ते तुम्हाला माहीत आहे. बाबा जाळं टाकून जे धावले ते थेट मच्छीमार सोसायटीच्या गुरुदासकाकांच्या दारात. अर्ध्या तासात पाच होड्या, काठ्या, कोयते आणि एक शिट्टी एवढी फौज सिंगापूरवर चालून गेली.

संध्याकाळपर्यंत शोधलं. सोळा बोटी राहोत, एक सापडली, तीपण आपल्याच बाबलोची, सांगलीच्या पाव्हण्यांना डॉल्फिन दाखवायला नेलेली. आपली मंडळी काठ्या उगारून तिला चारी बाजूंनी भिडली. सांगलीकरांना वाटलं हा पॅकेजातलाच कार्यक्रम, त्यांनी फोटो काढले आणि गुरुदासकाकांना शिट्टी पुन्हा वाजवायला लावली. अंधार पडता पडता फौज परत आली. डिझेल जळलं ते जळलं, पण बाबांचं नाव जळलं त्याचं काय? आता ते मासळीबाजारात टोपली घेऊन गेले की शेवंती आपली कोयती थांबवून विचारते, महादू, आज किती दिसल्यो? लिलाव करणारा बोली सोळावर आली की थांबतो आणि सगळे खोकतात. मामा, मला हसू येतं हे खरं, पण ज्या माणसाच्या शब्दावर पाच होड्या क्षणात सुटतात त्याला धक्क्यावर मान खाली घालून चालताना बघवत नाही. म्हणून ते माझ्यावर चिडले याचा मला राग नाही. कनेक्शनवर चिडले याचा आहे.

आता या पत्रातलं खरं. बॉट म्हणजे बॉटच हे कळल्यावर मी मोकळा सुटलो. ज्याला कान नाहीत त्याची भीड कसली. दर सोमवारी तिथे जायचो आणि सोळाही जणांना अस्सल मालवणीत घालून पाडून बोलायचो. त्यातल्या हाइन्झवर माझा विशेष लोभ, कारण बाकीचे पाठीत गोळी घालत नसत, हा मेला गवताच्या गंजीमागे दबा धरून नेमका पाठीत घालायचा. त्याला मी काय काय म्हटलं ते या कागदावर लिहिलं तर पोस्टमन पत्र पोचवणार नाही. फटकी येवंदे तुका, हे त्यातलं सोवळ्यातलं.

परवाच्या सोमवारी, अर्ज पाटाखाली गेल्यावर, मी अगदी हताश होऊन तिथे बसलो. वाटलं, चाललंच आहे सगळं तर देवाला सांगून तरी बघू. आपल्यात होडी पाण्यात टाकायची असो की मुलगी बघायला निघायचं असो, गाऱ्हाणं घातल्याशिवाय कोण उंबरा ओलांडतो? तेव्हा मी सगळ्यांना दिसेल असं टाइप केलं, बा देवा रवळनाथा, ह्यो तुझो भगत प्रितेश आज तुका गाऱ्हाणा घालता, ता मान्य करून घी रे म्हाराजा. एवढं लिहून सवयीने जरा थांबलो, पुढची ओळ जुळवायला.

खाली हाइन्झने लिहिलं, व्हय म्हाराजा.

मी लिहिलं, ह्या घरातला कनेक्शन तोडूचो जो काय इचार बापाशीच्या मनात इलेलो आसा, तो सातासमुद्रापार भिरकावन टाक रे म्हाराजा. व्हय म्हाराजा, हाइन्झ. ह्या सर्व्हरार माणसांचो राबतो होवंदे रे म्हाराजा. व्हय म्हाराजा, हाइन्झ. त्या बिचाऱ्याला आपण काय करतोय याचा पत्ताच नव्हता. आपला माणूस जगाच्या पाठीवर कुठेही असो, गाऱ्हाण्यातला रे म्हाराजा कानावर पडला की त्याच्या तोंडून उत्तर गेलंच, मग तो जर्मन शिपायाच्या वेषात का असेना. आणि तिन्ही उत्तरं इंग्रजी मोठ्या अक्षरांत, प्रत्येकाच्या शेवटी 'स्टॉप' लिहिलेलं.

मामा, उभा जिल्हा शोधला तरी देवालाही तारेतला स्टॉप लावणारा माणूस एकच सापडेल, ज्याने सगळा जन्म तारऑफिसात कट्टकट्ट करत काढला. प्रितमने तो खेळ तुमच्याच कॉम्प्युटरवर ठेवून दिलाय हे मला आधी सुचायला हवं होतं. म्हणजे पंधरा बॉट आणि एक मामा. मी घातलेल्या शिव्यांबद्दल काय बोलू? एकदा तर मी हाइन्झच्या आईचा उद्धार केला होता, आणि ती माझीच आजी निघाली. तिचा फोटो भिंतीवर आहे, मी दोन दिवस तिकडे बघितलं नाही. पण एक सांगतो, रागावू नका. ते कळल्यावर आधी घाबरलो आणि मग मला इतकं बरं वाटलं की काय सांगू. इतके सोमवार मी एकटा नव्हतो. कुणीतरी आपलं माणूस गंजीमागे बसून माझ्या पाठीत गोळ्या घालत होतं.

लहानांना आशीर्वाद, मोठ्यांना नमस्कार, गुडघ्याला तेल.

आपला,
प्रितेश

ता. क. बाबांना एक फोन करा. जास्त काही नको, घोणस नव्हे, दिवड आहे, चावत नाही, राहू दे, एवढं म्हणा. तुमच्या शब्दाने तुटतंय, तुमच्याच शब्दाने राहील.

ता. क. २. फोन जमला नाही तरी मनाला लावून घेऊ नका. मामी परवा आईला कौतुकाने सांगत होत्या की हे सोमवारचा उपास धरून दुपारभर कानाला यंत्र लावून हरिपाठ ऐकतात, हाक मारली तरी ओ देत नाहीत. मामींनाही खूप दिवसांत पत्र लिहिलं नव्हतं, म्हणून आज लिहून ठेवलं. पाकिटात घातलंय. तिकीट अजून लावलेलं नाही.

ता. क. ३. शनिवार. वरचं सगळं रद्द समजा. पत्र टाकायला निघणार तोच लाइनमन आला आणि वायर कापून, गुंडाळी करून बाबांच्या हातात देऊन गेला. बाबांना महिनाअखेरपर्यंत धीर धरवला नाही, अर्ज परस्पर देऊन आले होते. ती वायर त्यांनी होडीच्या दोराला जोडली, आणि गेल्या महिन्याभरात पहिल्यांदा माझ्याशी नीट बोलले, म्हणाले, मजबूत आसा रे. मामींचं पत्र फाडून टाकलं. येत्या सोमवारी सकाळच्या यष्टीने मी फोंडाघाटाला येतोय, आणि मग दर सोमवारी. मामींना सांगून ठेवा, प्रितेशलाही हरिपाठाची गोडी लागलीय. कॉम्प्युटर एकच, तेव्हा बंदूक मी धरतो. तुम्ही शेजारी बसा आणि व्हय म्हाराजा म्हणा.