अप्पांचा फोटो गुंडाच्या भिंतीवर

मदुरैपासून नऊ मैल, (गावाचं नाव लिहीत नाही, लिहिलं तर तुम्ही यायला निघाल)
पोंगल होऊन पाचवा दिवस

तीर्थरूप नेल्लैयप्पन मामांच्या पायांशी भाचा चिदंबरनाथन याचं डोकं.

मी इथे जिवंत आहे आणि तुम्हीही तिकडे तेनकाशीत तसेच असाल अशी आशा करतो. याहून मोठी आशा करायचं मी अलीकडे सोडून दिलं आहे. तुमचा डावा गुडघा कसा आहे? (उजव्याची चौकशी मागच्या पत्रात झाली.) मामींचा दमा थंडीत उठला असणारच. हे पत्र कृपा करून ओसरीवर मोठ्यानं वाचू नका. जन्मभर शाळेत धडे वाचून दाखवल्यामुळे तुम्ही विजेचं बिलसुद्धा आवाज चढवून वाचता, आणि पलीकडच्याच घरात अम्मा तांदूळ निवडत बसलेली असते. तेव्हा परसात विहिरीपाशी जा आणि ओठ न हलवता वाचा. फोन का केला नाही म्हणाल, तर तुम्ही फोनचा आवाज असा ठेवता की मी बोललेलं समोरच्या न्हाव्याला ऐकू जातं आणि मधूनमधून उत्तरही तोच देतो.

मला काम मिळालंय हे कळवलंच होतं. गुंडांचा सिनेमा आहे. मी कलाविभागात, म्हणजे घर उभं करायचं, भिंती रंगवायच्या, गुंडाच्या स्वयंपाकघरात डबे किती आणि देव्हाऱ्यात देव कोणते ते ठरवायचं. दिग्दर्शक तमिळवेंदन, वय एकोणतीस, पहिलाच सिनेमा. हा माणूस दिवसभर काळा चष्मा लावतो आणि वर मला म्हणतो, सार, सेट फार अंधारा वाटतोय. गोष्ट त्यानंच लिहिलेली. एक मोठा दादा मरतो, आणि त्याच्या सोळाव्या दिवसाच्या विधीला घरच्यांना कळतं की त्याचं दुसरं घर होतं, तिथेही एक मुलगा आहे आणि तोही गुंडच आहे. मग दोन्ही मुलं कोयते घेऊन निघतात आणि शेवटापर्यंत अठ्ठावीस माणसं मरतात. मी एकदा विचारलं, बाबा रे, हे दोघं भाऊ एकदा बसून बोलत का नाहीत? तर म्हणाला, "सार, बोलले तर सिनेमा मध्यंतराच्या आतच संपेल." निर्माते पोन्नैया हे विरुदुनगरकडचे तिळाच्या तेलाचे घाणेवाले. त्यांची अट एकच, कोणीही कोणालाही मारो, मागे त्यांच्या तेलाचा डबा दिसला पाहिजे.

दैवानं माझ्यासाठी काय काय राखून ठेवलं होतं ते सगळं लिहायला बसलो तर तुमचा डावा गुडघाही जाईल. रबराचे चाळीस कोयते उन्हात राहिले आणि वाकून केळीच्या सालींसारखे झाले. रक्तासाठी गुळाचा पाक करून त्यात रंग घातला (ही अक्कल माझीच), तर मेलेल्या गुंडांना मुंग्या लागल्या आणि मृतदेह मांड्या खाजवू लागले. आमच्याकडचा रिवाज तुम्हाला माहीत नसेल. ज्यानं प्रेताचं काम केलं त्यानं उठण्याआधी कॅमेऱ्याकडे बघून एकदा हसायचं, म्हणजे अपशकुन निघून जातो. त्या दिवशी अकरा जण मेले. अकरा जणांना ओळीनं निजवून हसवलं, आणि त्यातला एक मुंग्यांमुळे हसण्याऐवजी रडला, म्हणून त्याच्या बायकोनं संध्याकाळी येऊन आम्हाला पुन्हा त्याला मारून पुन्हा हसवायला लावलं. हे सगळं मी सोसलं. खरी आपत्ती फोटोची आहे.

तो मेलेला दादा सिनेमात कुठेच दिसत नाही, फक्त हार घातलेल्या फोटोत दिसतो. त्यासाठी एका वयस्क नटाचा फोटो ठरला होता. पण त्यांच्या छातीचं नुकतंच ऑपरेशन झालेलं. जिवंतपणी फोटोला हार कसा घालू देऊ, असं म्हणत त्यांच्या पत्नीनं फोटो परत मागवला, आणि खरं सांगतो, मला ते पटलं. दुसऱ्या कोणाचा घ्यावा तर तोच प्रश्न. जुन्या चौकटी विकणाऱ्याकडे गेलो, तर त्यातली माणसं जिवंत की मेलेली याची हमी तो देईना. शेवटी मी हिशेब केला, की जो खरोखरच मेलेला आहे, ज्याच्या फोटोला नऊ वर्षं रोज हार पडतोय आणि ज्याच्या वारसाची हरकत नाही, असा माणूस माझ्या माहितीत एकच. आणि माझ्या चेन्नईच्या खोलीतला अप्पांचा फोटो आणून मी त्या गुंडाच्या दिवाणखान्यात लावला. वर मोगऱ्याचा हार, खाली समई, बाजूला तेलाचा डबा. अप्पांनी जन्मभर पंपसेट विकले, कोणाला चापटसुद्धा मारली नाही. पण मिशा भरघोस होत्या, शोभले.

सोळाव्याच्या दृश्यासाठी शोक करणाऱ्या बायका हव्या होत्या. गावातल्याच चाळीस जणी आणल्या. मामा, आपल्याकडच्या बायकांना शोक शिकवावा लागत नाही. कॅमेरा सुरू व्हायच्या आत त्यांनी छाती बडवून असा गळा काढला की आमचा नायक घाबरून खुर्चीवरून उठला. फक्त दुसऱ्या रांगेतली एक बाई नुसती उभी होती. बत्तीसेक वर्षांची असेल. रडेना, हलेना, फोटोकडे बघत राहिली. तमिळवेंदननं दृश्य थांबवलं आणि ओरडला, "ए अम्मा, तुझ्या घरचं कोणी मेलंय असं समज की!" ती त्याच्याकडे न बघताच म्हणाली, "समजायचं काय त्यात? हे माझे अप्पा आहेत. यांना इथे कोणी टांगलं?"

मी म्हटलं, मी टांगलं. ते माझे अप्पा आहेत.

मग आम्ही दोघं एकमेकांकडे बघत राहिलो आणि बाकीच्या एकोणचाळीस जणींचं रडणं पटकन थांबलं, कारण इकडे खरं काहीतरी चाललं होतं.

तिचं नाव अन्नलक्ष्मी. मामा, तुम्ही विहिरीच्या कठड्यापासून जरा दूर बसा. अप्पा दर सोमवारी सकाळी पंपसेटच्या वसुलीला म्हणून मदुरैला जात आणि गुरुवारी परत येत ना? ती वसुली म्हणजे ही आणि हिची आई. आई चार वर्षांपूर्वी वारली. आपल्याकडे शुक्रवारी अप्पा इडल्या खाताना म्हणायचे, घरच्यासारखी चटणी कुठे मिळत नाही. आता कळतंय की तिकडे सोमवारी काय म्हणत असतील. मला राग यायला हवा होता. दोन दिवस मी त्याची वाट बघितली. पण मला आठवत राहिलं ते एवढंच, की मी लहानपणी सोमवार ते गुरुवार फाटकापाशी बसायचो. आणि ती म्हणाली की ती शुक्रवार ते रविवार बसायची.

दुसऱ्या दिवशी ती डब्यात चिंचेचा भात घेऊन आली. (तमिळवेंदनची निराशा झाली. ती कोयता घेऊन येईल या आशेनं त्यानं कॅमेरा लावून ठेवला होता. आता त्यानं शेवट बदललाय, आणि त्यात माझ्या नावाचं एक पात्र एकोणतिसावं म्हणून मरतं.) मला वाटलं घर मागेल, जमीन मागेल. निदान फोटो मागेल. तिनं मागितली माझी मांडी. तिला पाच वर्षांची मुलगी आहे, यळिनी. तिचं मुंडन आणि कान टोचणं राहिलंय. मामाच्या मांडीवर बसवल्याशिवाय ते होत नाही, आणि हिला भाऊ नाही. दोनदा मुहूर्त टळला. सासू येता-जाता म्हणते, "हिच्या पोरीला मांडी मिळाली तर कान टोचायचे ना." चुलत, मावस कोणीतरी बसवू म्हटलं, तर सासूला तेही चालेना, रक्ताचा पाहिजे. अन्नलक्ष्मी म्हणाली, "अण्णा, मला दुसरं काही नको. अर्धा तास बसा. नंतर ओळख दाखवली नाहीत तरी चालेल." ही असं म्हणाली आणि डब्याचं झाकण लावत बसली, ते लागेचना. मी म्हटलं, येतो. तोंडातून निघून गेलं.

आता माझी झोप उडाली आहे. अर्धा तास नुसती मांडी असती तर कोणाला कळतंय? पण तिचा नवरा फलक छापतो. गावात कोणाचं बारसं असो, लग्न असो, त्याचंच दुकान. त्यानं आताच चौकासाठी बारा फुटी फलक तयार केलाय. मध्ये यळिनी, वर अप्पा ढगात बसलेले, आणि उजवीकडे काळा चष्मा लावलेला मी (चष्मा त्यानं संगणकावर चढवला), खाली ठळक अक्षरांत 'मामा आले'. वाजंत्री, आहेराची एकवीस ताटं, गावभर मिरवणूक. मदुरैहून तेनकाशीला दिवसातून किती बसेस जातात ते तुम्हाला ठाऊक आहे. त्यातल्या एका खिडकीत आपल्या गल्लीतलं एक तोंड असलं की पुरे. अम्मानं अप्पांच्या मागे नऊ वर्षं त्यांच्या चांगुलपणावर काढली आहेत. तिच्याजवळ दुसरं आहे काय? गेलो तर तिचं तेवढंही मी काढून घेणार. नाही गेलो तर एक पाच वर्षांची पोर पुन्हा मांडीवाचून परत जाणार. मी कोणत्या तोंडानं काय करू ते कळत नाही, आणि या जगात अप्पांवर ओरडायची सोय राहिलेली नाही. फोटोवर ओरडलो, तर छायाचित्रकार म्हणाला, हारावरचा उजेड बिघडतोय, बाजूला व्हा.

मामींना नमस्कार. अम्माला सांगा, मी जेवतो, झोपतो, काम चांगलं चाललंय. तिन्ही गोष्टी खोट्या आहेत.

तुमचा अभागी भाचा,
चिदंबरनाथन

ता. क. : विनंती राहिलीच. कार्य याच, पोंगलपासून सुरू झालेल्या तै महिन्यातल्या तिसऱ्या शुक्रवारी आहे. त्या दिवशी अम्माला कुठेतरी न्या. कुट्रालमला न्या, धबधब्याला पाणी नसलं तरी न्या, म्हणावं नुसता कडा बघू. आणि सिनेमा लागेल तेव्हा तिला महिनाभर डोळे आलेत असं काहीतरी करा.

पुन्हा ता. क. : पत्र टाकायचं राहिलं ते बरं झालं. काल अन्नलक्ष्मीच्या घरी गेलो होतो. तिनं जुने फोटो काढले. त्यात तिचे स्वतःचे कान टोचतानाचा एक आहे, एकोणतीस वर्षांपूर्वीचा. तिच्या आईलाही भाऊ नव्हता. ती तीन वर्षांची, तोंड फाडून रडतेय, आणि ज्यांच्या मांडीवर बसलीय ते गृहस्थ शर्टाच्या खिशाला तीन पेनं लावून, परीक्षेत कोणी नक्कल करतंय की काय अशा चेहऱ्यानं समोर बघताहेत. मामा, ते तुम्ही आहात. तिला तुमचं नावही ठाऊक नाही. म्हणाली, कोणी तरी मास्तर होते, अप्पांनी आणले होते. आणि मी मूर्ख, तुम्हाला विहिरीच्या कठड्यापासून दूर बसवून अन्नलक्ष्मी कोण ते समजावून सांगतोय. माझ्या आईचे सख्खे भाऊ तुम्ही. तिच्यापासून लपवून तुम्ही तिथे जाऊन बसलात कसे? नमस्कार मागे घेत नाही, पण पत्राच्या आरंभी होता तेवढ्या मनापासून तो राहिलेला नाही.

अखेरचा ता. क. : आज सकाळी अम्माचा फोन आला. अन्नलक्ष्मीच्या नवऱ्यानं फलकावर घालायला म्हणून माझ्याकडून तेनकाशीच्या घराचा पत्ता घेतला होता, आणि त्या शहाण्यानं त्याच पत्त्यावर कोपऱ्यांना हळद लावून पत्रिका पाठवली. मी काही बोलायच्या आत अम्माच म्हणाली, "मांडीवर जाड टॉवेल घे. त्या अन्नलक्ष्मीनं तुझ्या मामाचं कोरं धोतर भिजवलं होतं, परत येताना बसमध्ये तेनकाशीपर्यंत माझं डोकं खाल्लं त्यानं." मी विचारलं, अम्मा, तू होतीस तिथे? म्हणाली, "त्याला एकट्याला पाठवलं तर तो वाटेतून परत आला असता. तेव्हा मी देवळाबाहेर सगळ्यांच्या चपला राखत बसले होते. या खेपेला आत येईन म्हणते."

मामा, वरची कुट्रालमची विनंती खोडावी. तिला घेऊन या. बसमध्ये खिडकीशी बसवा, तिला मळमळतं.