आठवं नाव

४ मार्च २०१९, सोमवार

ब्लॉजेट! त्या माणसाचं नाव लिहितानासुद्धा पेन टोचतंय कागदाला.

भर बैठकीत माझ्या तोंडावर म्हणाला, "ट्युबा? विनी, हे ऑर्फियन मंडळ आहे. जत्रेतला बँड नाही!" आणि बाकीचे हसले. खुदकन वगैरे नाही, चांगले दात दाखवून. मी मंडळाची चिटणीस. हसण्याची नोंद वहीत घेत नाहीत, नाहीतर एकेकाचं नाव घालून घेतली असती.

म्हणून इथे लिहिते. यंदा संगीत विभागात शेवटच्या वर्षाला चाळीस मुलं. त्यांतली आठ मंडळात घ्यायची. गुणांप्रमाणे यादी लावायची आणि आम्ही सात शिक्षकांनी तिला होकार द्यायचा. मी चिटणीस झाल्यापासून होकार म्हणजे नुसती मान हलवणं. यंदा आठवं नाव ऑरिन कोवाचिक. ट्युबा वाजवतो, ते खर्जातलं अगडबंब पितळी वाद्य. पुढे शाळेत संगीत शिकवणार आहे. नववी सिसली, पियानो. ब्लॉजेटची लाडकी विद्यार्थिनी. मग काय! ब्लॉजेटला एकदम 'मंडळाचा दर्जा' आठवला.

निकाल पुढच्या बैठकीत. म्हणजे दोन आठवडे हे पोटात घेऊन फिरायचं.

५ मार्च

रागाच्या भरात वाटाण्याचं सूप करपवलं. सूपही करपतं हे वयाच्या सत्तावन्नाव्या वर्षी कळलं.

८ मार्च, शुक्रवार

सेंट सिरिल चर्चच्या तळघरात ईस्टरआधीच्या उपासाच्या शुक्रवारचं, मटणाऐवजी मासळीचं जेवण. सगळं गाव तिथे. कोपऱ्यात पोल्का वाजवणाऱ्यांत ऑरिन — तीच ट्युबा, कपाळावर घाम, पाय ताल धरतोय. ब्लॉजेटने बघितलं असतं तर त्याला पुरावाच मिळाला असता! पण त्या ट्युबावर अख्खं तळघर उभं होतं. म्हाताऱ्या बायका काठ्या टेकवून नाचत होत्या.

मध्ये थांबले तेव्हा तो माझ्या टेबलापाशी आला. "मॅडम, मासा खाऊ नका आज, जरा तेलकट झालाय. पिरोगी घ्या, बटाटा भरलेले, आईने केलेत." मग बसला. गावाकडच्या शाळेत नोकरी ठरतेय म्हणाला. तिथे तीन वर्षं बँडला मास्तरच नाही. वाद्यं कपाटात पडून आहेत, झडपा गंजून बसल्यात. उन्हाळ्यातच जाऊन ती सोडवायला घेणार.

यादीत त्याचं नाव आहे हे त्याला ठाऊक नाही, आणि मला सांगायची परवानगी नाही. मी सहज विचारलं, "ऑर्फियनचं काही मनात आहे का रे?"

हसला. "ते आपल्यासारख्यांसाठी नसतं हो, मॅडम."

कुरकुर नाही, कडवटपणा नाही. उद्या थंडी आहे म्हणावं, तसं म्हणाला! त्यानेच माझं डोकं जास्त फिरलं. या मुलाने डिसेंबरच्या कार्यक्रमात माझ्या गायकवृंदातले तीन खर्जातले गायक तापाने आडवे झाले तेव्हा त्यांचा सूर ट्युबावर धरला होता. इतका हळू, की श्रोत्यांना वाटलं कुणीतरी गातंय. ब्लॉजेट पहिल्या रांगेत होता. "यंदा खर्ज काय गोड लागलाय!" असं मलाच म्हणाला होता. मीच मूर्ख, तेव्हाच सांगायला हवं होतं.

११ मार्च

विभागप्रमुख मार्गोने कॉफीला बोलावलं. समजूत काढायला, दुसरं काय.

"विनी, जाऊ दे ना. सिसली पुढे मोठ्या मंचावर जाईल, मंडळाचं नाव होईल. आणि तो मुलगा? कुठल्यातरी खेड्यात पोरांना भोंगे फुंकायला शिकवणार."

"मग मी पस्तीस वर्षं काय करतेय? मीही शिकवतेच आहे की!"

"तू वेगळी."

"कशी वेगळी?"

ती कपात साखर ढवळायला लागली. कॉफी अर्धी टाकून उठले. जिन्यात लक्षात आलं की हातमोजे राहिले. परत गेले नाही. हात गारठले तरी चालतील!

१३ मार्च

ग्रंथालयाच्या तळघरात मंडळाच्या जुन्या नोंदवह्या खोक्यांत पडून आहेत. ग्रंथपाल नेडने दिवा लावून दिला आणि म्हणाला, "तिसऱ्यांदा शिंकलात की वर या. त्याच्या पुढे धूळ छातीत जाते."

पहिल्या वर्षापासून वाचत निघाले. पाच वेळा शिंकले. पण सापडलं! १९६२. तेव्हाही हाच वाद, एका ट्रॉम्बोनवाल्यावरून. आणि खाली ठराव, स्वच्छ अक्षरात — 'वाद्य कोणते, पुढे काय करणार, हे पाहू नये. गुण पाहावेत.' हा ठराव कुणी कधी रद्द केलेला नाही. वही तिथेच मिटली, पुढचं वाचायची गरजच उरली नाही. शीळ घालत वर आले. नेड म्हणाला, "कुणाचा जीव घेणार आहात?"

१८ मार्च, सोमवार

जिंकले!!

ठराव उभं राहून वाचला. दोनदा, कारण ब्लॉजेट म्हणाला ऐकू आलं नाही. मतं पडली — चार विरुद्ध तीन. मार्गोने शेवटी माझ्या बाजूने हात वर केला, माझ्याकडे न बघता.

ब्लॉजेट कागद गोळा करत होता. दारात थांबला. आवाज अगदी मऊ. "छान शोधलंस, विनी. मीही गेलो होतो तळघरात. बासष्टचं वाचलंस, आता चौऱ्याऐंशीचंही वाच."

चौऱ्याऐंशी! म्हणजे मी विद्यार्थिनी म्हणून मंडळात आले ते वर्ष. काय म्हणायचंय याला? हरला की चिखल फेकायचा. लाज नाही!

२२ मार्च

ऑरिनला आज सांगता आलं. सरावाच्या खोलीत होता. पत्र वाचलं, घडी घातली, परत उघडलं.

"चूक तर झाली नाही ना, मॅडम?"

"कसली चूक! तुझे गुण, तुझं नाव."

"मग आईला कळवू? का आधी पक्कं होऊ दे?"

"पक्कंच आहे रे बाबा!"

तिथेच फोन लावला. तिकडून बाई अशी ओरडली की शेजारच्या खोलीतलं व्हायोलिन थांबलं. मीही डोळे पुसले, लपवत नाही.

बाहेर पडले तर समोर ब्लॉजेट. "वाचलंस?" एवढंच. मी म्हटलं, "मला कामं असतात." आनंदाच्या दिवसावर माती टाकली मेल्याने.

२६ मार्च

अजून गेले नाही. घाबरत नाही मी. वेळ नाही.

२७ मार्च

वेळ होता. गेले नाही. उद्या जाणार, आणि ती वही त्याच्या टेबलावर आपटणार. 'बघ, काही नाही यात!' म्हणणार.

२८ मार्च

गेले. वाचलं. आज लिहिता येत नाही.

२९ मार्च

१९८४. आठवं नाव लॉरेटा विम्स, क्लॅरिनेट. माझी रूममेट, चार वर्षं. नावावर लाल रेघ. शेजारी माझ्या गुरूंचं, मिसेस ऑल्डनचं अक्षर — 'शाळेतच शिकवणार आहे. तिच्याऐवजी विनिफ्रेड हॅस्केट.' नववी मी होते.

समारंभाच्या दिवशी माझी कॉलर लॉरेटाने सरळ करून दिली होती. मग पहिल्या रांगेत बसून टाळ्या वाजवल्या होत्या.

दुपारी तिला फोन केला. पस्तीस वर्षांनी. म्हटलं, "लॉरेटा, मी विनी."

 ती म्हणाली, "अखेर कळलं तर तुला."