माळावरचे तेवीस पक्षी

१२ मार्च

ग्रामपंचायतीनं मला पक्षी दिले!

म्हणजे गावाची जैवविविधता नोंदवही करायची आहे. कुठलं झाड, कुठला मासा, कुठला पक्षी — सगळं गावानं लिहून वर पाठवायचं. झाडं शाळेतल्या गुरुजींना गेली. मासे कोणालाच नाहीत, ओढा कोरडा आहे. पक्षी माझ्या वाट्याला. सरपंच वैजनाथ तात्या म्हणाले, "न्हाईतरी अजिनाथ दिवसभर हिंडतोच. निदान कागदावर हिंडू द्या."

आयटीआय दीड वर्ष. कॉम्प्युटरचा क्लास तीन महिने. पोल्ट्री एक उन्हाळा. ही वही मात्र पुरी करणार!

१३ मार्च

ग्रामसेविका निकिता मॅडमनी शेजारच्या गावाची वही नमुना म्हणून दिली. "असंच उतरवायचं, गावाचं नाव तेवढं बदला." त्यात धनेश आहे. फ्लेमिंगो आहे. त्या गावाला पाणी टँकरनं येतं. फ्लेमिंगो टँकरमागून येत असावेत.

मी म्हटलं, मी स्वतः बघून लिहीन. मॅडम जरा घाबरल्या. "बघून?"

१७ मार्च

भिंगारला नूरुद्दीन चाचांकडे. घड्याळं दुरुस्त करतात, छावणीतल्या साहेबांच्या दुर्बिणीपण. पाखरांचा नाद जुना. मला एक दुर्बीण दिली — डावी काच फुटकी, उजवी बरी. "एक डोळ्यानं बघ बेटा, पण दोनदा बघ."

येताना वाटेत क्रिकेटची मॅच. टॉस बघून निघणार होतो. बक्षीस समारंभ बघून आलो.

२२ मार्च

माळावर पहिला दिवस. माळ म्हणजे खडी, कुसळं आणि एक बाभूळ. दगडाबाई तिथं मेंढ्या चारते. पंधरा मेंढ्या, एक शिंगमोडका एडका. तिचा पुढचा एक दात नाही. त्या फटीतून दोन तुकड्यांची शीळ घालते, की मेंढ्या जागच्या जागी थांबतात. मी घालून बघितली. थुंकी उडाली. एडका माझ्याकडे बघत राहिला.

पाहिले — टिटवी, तितर, होला आणि धाविक! काय पाखरू आहे! तांबूस, डोळ्यावर पांढरी पट्टी. पळतं, थांबतं, वाकतं, विसरतं, परत पळतं. अगदी आपल्यातलं. दगडाबाईनं काठी आडवी धरून मेंढ्या वळवल्या. "त्याची अंडी हायत तितं. येडं उघड्यावर घालतंय. झाड आसलं का कावळा बसतोय, वरनं बघतोय न् खातोय. म्हनून त्याला मोकळाच माळ लागतोय."

खडकावर दोन अंडी. दाखवली तरी मला दिसेनात.

३० मार्च

ऊन लई. बघून बघून आठवड्यात नऊ पक्षी झाले. शेवटी बाभळीखाली आडवा झालो, डोळे मिटले आणि कानानं मोजायला लागलो. बुलबुल. कोतवाल. शिंपी. शिक्रा. शिंजीर. एका तासात चौदा! मोबाईलवर रेकॉर्ड केलं, घरी इंटरनेटवरच्या आवाजांशी ताडून बघितलं. बरोबर! उगाच उन्हात तंगडतोड करत होतो.

मधेच दगडाबाईची शीळ आली, अगदी डोक्याशी. उठलो, तर बाई ओढ्यापलीकडे मुंगीएवढी. आवाज पोचतो तिचा.

परत आल्यावर तिला यादी वाचून दाखवली. म्हणाली, "शिंपी कुटला आला रं हितं? झुडूप तरी हाय का?" वय झालं बाईचं. कान गेले बहुतेक.

८ एप्रिल

वही पुरी! तेवीस पक्षी. आयुष्यात पुरं केलेलं पहिलं काम.

शेवटचा रकाना — 'बघून / ऐकून'. नऊ बघितले होते, चौदा ऐकले होते. सगळ्यांपुढे 'बघून' केलं. खुणा एका ओळीत बऱ्या दिसतात.

१६ एप्रिल

तात्यांनी वही वाचली. खरंच वाचली! "तेवीस? बुलबुल, शिंपी — ही तर झाडावरची पाखरं. आन् बसायला एक बाभूळ?" डोळ्यांत पाणी आलं त्यांच्या. माळावर दोन हजार रोपं लावायची, तारेचं कुंपण, चराई बंद. एक मेच्या ग्रामसभेत ठराव.

मी म्हटलं, दगडाबाईच्या मेंढ्या? "बघू कुटंतरी."

चार लोकांत मला पक्षीतज्ज्ञ म्हणाले. आईच्या कानावर गेलं. संध्याकाळी न मागता दोनदा चहा.

२४ एप्रिल

चाचांना रेकॉर्डिंग ऐकवलं. घड्याळ बाजूला ठेवून दोनदा ऐकलं.

"किती पाखरं यात?"

"चौदा."

"मग एकावर एक बोलत का नाहीत? एक थांबला की दुसरा, दुसरा थांबला की तिसरा. चौदा जणांत एवढी तमीज? तुमच्या ग्रामसभेत बघितलीस कधी?"

मी रेकॉर्डिंग परत लावलं.

"एकच आहे, बेटा. चंडोल. अब्बांकडे पिंजऱ्यात होता. सगळा बाजार बोलायचा — पाववाल्याची घंटीसुद्धा. ऐकतो आणि आपलं करून टाकतो."

२५ एप्रिल

माळावर गेलो. डोळे उघडे ठेवून. खूप वर एक ठिपका. त्यातून बुलबुल निघाला. मग कोतवाल. मग शिक्रा. मग ठिपका खाली आला — मातकट, चिमणीपेक्षा जरा मोठा, डोक्यावर शेंडी. माझे चौदाच्या चौदा पक्षी एका ढेकळावर बसले.

आणि चंडोल? तो तर तेविसात नव्हताच!

दगडाबाईला सांगितलं. पोट धरून हसली. एडक्यालाही सांगितलं तिनं. "तवाच बोलले हुते, शिंपी कुटला!" मग एकदम थांबली. "तात्याला सांग की मग. सभेच्या आत. कुंपन पडलं तर मी जनावरं कुटं न्यायची?"

"सांगतो."

"आईची शप्पत?"

घेतली. सभेतच उठून सांगणार, सगळ्यांसमोर. हसले तर हसू देत. आजच तात्यांकडे जाता आलं असतं. पण पक्षीतज्ज्ञ होऊन नऊच दिवस झालेत. अजून पाच मिळतील.

३० एप्रिल

पुणतांब्याहून मावसभाऊ सुनीलचा फोन. "गोदावरीत गुलाबी पक्षी! लांब पायाचा! फ्लेमिंगोच हाय, लगेच ये!"

जाऊन येतो. उद्या सकाळच्या पॅसेंजरनं परत. सभा अकराला आहे. वेळच वेळ.

१ मे

बगळा. घाटावर परवा यात्रेचा गुलाल सांडलेला, हा त्या पाण्यात लोळून आलेला. सुनील म्हणाला, "पण गुलाबी तर हाय ना?"

पॅसेंजर पाच तास उशिरा. गावात पोचलो अडीचला. पंचायतीबाहेर सतरंज्या झटकत होते. ठराव एकमतानं पास. आई म्हणाली, "तुझ्या नावानं टाळ्या वाजल्या. तू कुटं हुतास?"

दगडाबाई तीन तास सभेत बसून होती म्हणे. दाराकडे बघत.

२ मे

तात्यांना सगळं सांगितलं. नऊच खरे, बाकी एकाच चंडोलाचे आवाज, आणि झाडं लावली तर धाविक जाईल. वाटलं होतं शिव्या देतील.

पाठीवर हात ठेवला. "आरं, झाडं लागल्यावर ती चौदा खरीच येतील की! यादी चुकली न्हाई तुजी अजिनाथ. जरा लवकर झाली."

निकिता मॅडम — "वही वर गेली. वर गेलेलं खाली येत नाही."

शिव्या बऱ्या होत्या.

१९ मे

जेसीबी आला. दोन हजार खड्ड्यांच्या फक्कीच्या रेघा. धाविकानं परत दोन अंडी घातलीत. एक रेघ बरोबर त्यांच्यावरून. आता मला अंडी दिसतात. आडवा उभा राहिलो.

ड्रायव्हर खाली उतरला. बघितलं. "गारगोट्या हायत भाऊ."

पण खड्डा दोन हात सरकवला. माळ काही सरकला नाही.

११ जून

कुंपण झालं. गेटवर पाटी. 'चराईस सक्त मनाई'. खाली बारीक अक्षरात — 'पक्षी निरीक्षण : अजिनाथ'. पाटीवर नाव येणारा घरातला मी पहिला.

मेंढ्या बाजारात गेल्या. एडकाही. दगडाबाई बेलापूरला लेकीकडे निघाली. टेम्पोत पुढं बसली, मांडीवर गाठोडं, हातात काठी. मेंढ्या नाहीत, काठी मात्र घेतली. मी जवळ गेलो.

"तुजी पाखरं आली का रं बसायला?"

शप्पतेचं तिनं काढलं नाही. काढायला पाहिजे होतं.

"यायची. घाई करू नगं. तुला न्हाईतरी कुटं घाई आसती."

टेम्पो गेला.

४ जुलै

रोपं लागली. फोटो निघाले. तात्यांनी मला मधे उभं केलं.

रोपांच्या काठ्यांवर कावळे बसतात. धाविक सोळा दिवस दिसलेलं नाही. रोज बघतो. हो, रोज! मधे कुठं थांबत नाही.

नवी वही केली. कोणी मागितलेली नाही. फक्त बघितलेले. नऊ होते. धाविक गेलं, आठ. चंडोल आला, नऊ. पुढे खूण — 'बघून'. दोनदा बघून.

२१ जुलै

सकाळी कुंपणाच्या आत दगडाबाईची शीळ. दोन तुकडे, मधे दाताच्या फटीतली हवा.

आली! म्हणून पळालो. कोणी नाही.

मग वर बघितलं. खूप वर एक ठिपका.

वहीत दहावी नोंद केली. दगडाबाई. ऐकून.