बाजाराकडं पाठ

अम्मी, तुला जाऊन बरीच वर्षं झाली आणि तुझी ती बसायची पद्धत मला आता कुठं कळायला लागलीय. रहिमतपूरच्या बाजारात सगळे रस्त्याकडं तोंड करून बसायचे. तू मात्र बांगड्यांची पेटी भिंतीकडं ठेवून बाजाराकडं पाठ करायचीस. लोक आपल्यावर नजर ठेवून आहेत, हे भय तुला कायमचंच. माणसं दिसली की तुझी मान वर जायची, आणि बांगडी सरकवताना मान वर गेली की काच फुटून बाईचा हात कापायचा. म्हणून पाठ. पण मग पाठीला नजरा टोचायच्या. अजून दिसतेस मला, हात मधेच थांबतो आणि तू समोरच्या बाईला हळूच विचारतेस, "मागं कोण बगतंय का माज्याकडं?" एक म्हातारी म्हणाली होती, "अगं भाभी, आमी एवढ्या नटून आलोय तर आमच्याकडं कोण बगंना, तुज्याकडं कोण बगतंय?" बाकीच्या हसून नुसतं न्हाई म्हणायच्या. तेवढ्यावर तू पुढची बांगडी उचलायचीस. हात भरून झाला की बाया रिवाजाप्रमाणं तुला वाकून नमस्कार करायच्या, आणि तू लाजून पेटीत काहीतरी शोधत बसायचीस.

स्वतःच्या भीतीपेक्षा परक्या बाईच्या 'न्हाई'वर जास्त भरवसा. अम्मी, हे लय अवघड आहे गं. जिच्यावर माझा जीव जडलाय त्या कॉलेजातल्या मुलीला सांगलीच्या स्टँडवर मी हेच विचारलं, कोपऱ्यातला तो माणूस आपल्याकडं बघतोय का म्हणून. ती नाही म्हणाली. तरी मी उठलो आणि त्याची कॉलर धरली. तो बिचारा माझ्या डोक्यावर भिंतीला लावलेली गाड्यांच्या वेळांची पाटी वाचत होता. ती एवढंच म्हणाली, "तू सगळ्यांकडं बघतोस. मला सोडून." त्यानंतर वर्गातल्या सगळ्या माना माझ्याकडंच वळल्यात असं वाटायला लागलं आणि मी कॉलेज अर्ध्यात सोडलं.

उद्या ती सांगलीतच विश्रामबागला चहाला येते म्हणालीय, हे शेवटचं म्हणून. मी दाराकडं पाठ करून बसणार आहे. राहवलं नाहीच तर एकदा विचारीन, आणि ती सांगेल ते खरं धरीन. तेवढं जमलं नाही तर ती जाईल, आणि तिचं काही चुकलं असं मला म्हणता येणार नाही.

हे तुला वाचून दाखवायला कब्रस्तानात येणार होतो. दोनदा निघालोही. फाटकाशी माणसं गप्पा मारत बसलेली असतात, ती बघतील म्हणून परत फिरलो.