नैवेद्याआधीची चव

आई,

मठाच्या स्वयंपाकघरात तुझा फोटो लावलाय, हे तुला माहीत नसणार. तू गेल्यावर विश्वस्तांनी लावला, भट्टीच्या वरच्या भिंतीला, हार घालून. खाली लिहिलंय, 'आदर्श सेवेकरी'. फोटोत तू इतकी कडक दिसतेस, की खालचं दूधही घाबरून उतू जायचं नाही.

गेलं वर्षभर मी आपल्या पंथातल्या बायकांवर माहितीपट लिहितेय. मुलाखती मीच घेते, निवेदनही माझंच. सुरुवातीला त्यांना सभामंडपात बसवलं, लाइट लावले, तर एकजात सगळ्या म्हणाल्या, "लई समाधान हाय, म्हाराजांची किरपा." जिथं आयुष्यभर पुरुषांच्या पाठीमागं बसल्या, तिथं त्या दुसरं काय बोलणार? माझीच अक्कल! मग कॅमेरा उचलला आणि स्वयंपाकघरात नेला. तांदूळ निवडता निवडता त्या बोलायला लागल्या. कुणाचं बाळ गेलं तेव्हा ती इथंच येऊन बसली होती, कुणाला घरी मोठ्यानं हसायचीही चोरी, ती इथं हसून घेते.

इथला नियम तुला मी काय सांगायचा? रांधायचं बायकांनी, नैवेद्य दाखवायचा पुरुषांनी, आणि तोवर चव कुणी म्हणजे कुणी घ्यायची नाही. मी आठ-नऊ वर्षांची असेन. उत्सवाचा दिवस. धरणावरून वारं येतंय, चुलींचा धूर डोळ्यांत जातोय, आणि मी पळीला लागलेली आमटी बोटानं चाटते. तू सगळ्यांदेखत हातावर सणकन फटका मारतेस. "देवाच्या आदी जीभ लावतीस? पुन्यांदा हितं पाय ठेवू नगंस." नाहीच ठेवला. शिकले, नोकरी केली, भूगावला फ्लॅट घेतला. गावी यायचे, पण ह्या फिल्मपर्यंत मठाकडं फिरकले नाही.

परवा तुझ्या मैत्रिणीला, जी आता तुझी भट्टी सांभाळते तिला, शूटिंग चालू असताना सहज विचारलं, "मावशी, न चाखता एवढ्या माणसांची आमटी जमते कशी?" तिनं पदर तोंडाला लावला. "जमती कसली! चाखतो की आमी. तुझ्या आयनंच शिकिवलं. तळहातावर थेंब घ्यायचा, दाराकडं पाठ करायची अन् चाटायचा. म्हनायची, देवानं तरी खारट का म्हनून खावं?" बाकीच्या बायका हसून लोळायच्याच बाकी होत्या. मीही हसले. मग गाडीत जाऊन बसले आणि रडले.

ही गोष्ट विश्वस्तांच्या कानावर गेलीच. सकाळी फोन आला. "ताई, तेवढा भाग काढून टाका. न्हाईतर ह्या बायकांची सेवा बंद. पुढच्या उत्सवाला केटरर बोलवू." माझं काय, मी दुसरी फिल्म लिहीन. त्यांना मात्र घराबाहेर बसायला ही एवढीच जागा. मी तडक मुळशीला मठात गेले आणि त्यांनाच विचारलं, काय करू?

मावशी म्हणाली, "आनू दे की केटरर. महिनाबी टिकायचा न्हाई त्यो. तुझ्या आयचा फोटू मातर उतरवतील, बग."

"उतरवू देत," मी म्हणाले.

एक तरुण सून, जी वर्षभर कॅमेरा दिसला की आत पळायची, ती हळूच म्हणाली, "माझं तोंड झाकू नका हां ताई. मी काय चोरी केली न्हाई."

झालं, ठरलं. एक शब्द काढणार नाही. तुझं नावसुद्धा राहील. विश्वस्तांना तसं कळवून टाकलंय आणि उद्या एडिटला बसतेय. सेवा बंद केलीच, तर त्या दिवशी कॅमेरा घेऊन मी मठाच्या दारात उभी असेन.

हे पत्र कुठं टाकायचं नाहीये, म्हणून एवढं सांगून टाकते. हा भाग मी ह्या बायकांसाठी ठेवतेय, असं सगळ्यांना सांगत फिरते. ते खरंच आहे. पण आई, अख्ख्या गावच्या बायांना तू शिकवलंस आणि पोटच्या पोरीला नाही. तो भाग मी थोडा त्या रागापायीही ठेवतेय.