साल संपलं

केशवापूर, हुबळी
१२ जानेवारी २०२५

चि. प्रीतीस,
अण्णाचा सप्रेम जय भीम.

इकडे आम्ही ठीक आहोत. अव्वाचा खोकला कमी आहे. आपली धाकटी साधना रोज बसने धारवाडला कॉलेजला जाते. तांदूळ फार महाग झाला, म्हणून अव्वा आता दोन्ही वेळ भाकरीच करते आणि भाकरीच बरी, म्हणते. अप्पा गेल्यावर त्यांच्या पुण्यानुमोदनाला येऊन तू दुसऱ्या दिवशी गेलीस, तेव्हा स्टँडवर मी काही बोलणार होतो. बस लागली होती, राहून गेलं. खरं म्हणजे बस सुटायला अर्धा तास होता.

काल अप्पांची ट्रंक आवरली. त्यात ते शैक्षणिक कर्जाचं पुस्तक निघालं, कोप्पीकर रोडच्या फुटपाथवर तीस रुपयांना घेतलेलं. तुला फिजिओथेरपीला ॲडमिशन मिळाली तेव्हा ते रोज वाचायचे. सगळ्या शिक्षणाचा खर्च त्यात तीन लाख दिला होता. तू हसायचीस. "अप्पा, तुमचं पुस्तक म्हातारं झालंय. दहा वर्षांपूर्वीची फी आहे ती." ते म्हणायचे, "छापलेलं आहे, ते काय खोटं असतंय काय?"

शेवटी सात लाख लागले. सगळे बँकेचे, अप्पांच्या सहीवर.

पुढे तुझा पगार चौदा हजार आणि हप्ता अकरा. हप्ते थकले. बँकेची माणसं दारात येऊन गेली, आणि तू फोनवर म्हणालीस की कर्ज फिटल्याशिवाय घरी तोंड दाखवणार नाही. वर्कशॉपमधून रिटायर झालेले अप्पा कपड्याच्या दुकानात वॉचमन म्हणून उभे राहिले. रिटायरमेंटचे पैसेही तिकडेच भरत गेले.

गेल्या वर्षी साधनाला नर्सिंगची सीट मिळाली होती. मी अप्पांकडे पैसे मागितले. "प्रीतीचं आधी," म्हणाले. साधनानं बी.ए. घेतलं. त्यानंतर मी त्यांच्याशी कामापुरतंच बोलत होतो. हे तुला कुणी सांगितलं नसेल.

आता दवाखान्यातलं. नोव्हेंबरात त्या सोमवारी तुझा फोन आला तेव्हा अप्पा पूर्ण शुद्धीवर होते. तोंडावरचा मास्क बाजूला करून मला म्हणाले, "साल संपलं म्हणून सांग तिला." मी सांगितलं. तू म्हणालीस, "साल? अजून डिसेंबर जायचाय की. भ्रमात आहेत का रे? मी आले तर ओळखतील तरी का?" मी म्हणालो, "बघू." मग रजा काढून रविवारी येते म्हणालीस. गुरुवारी अप्पा गेले.

आपल्या घरात कर्जाला कुणी कर्ज म्हटलं नाही. कानडीतलं सालच म्हणायचो सगळे. आठ वर्षं पुण्यात राहून तुला ते वर्ष ऐकू आलं, त्यात तुझी चूक नाही. मला मात्र लगेच कळलं होतं. तू चुकीचं ऐकलंस हेही कळलं होतं. एक शब्द बोललो असतो तर तू त्याच रात्रीच्या बसमध्ये बसली असतीस. बोललो नाही. साधनाची सीट डोक्यात होती, पण ते कारण पुरत नाही.

पुस्तकात बँकेचा कर्ज फिटल्याचा दाखला होता, ऑक्टोबरचा. सोबत पाठवतो. पुस्तकातल्या तीन लाखांवर अप्पांनी पेन्सिलने काट मारून सात केलं आहे. खाली कानडीत लिहिलं आहे, "तीरितु". फिटलं.

अव्वाला यातलं काही माहीत नाही. तिला सांगायचं की नाही ते तू बघ, मी अडवणार नाही.

अप्पांचा निरोप मी अर्धाच पोचवला होता. आता पूर्ण लिहितो.

"साल संपलं म्हणून सांग तिला. आता ये म्हणावं."

यशपाल
(अण्णा म्हणायचं की नाही, ते तू ठरव.)