ग्लायसिन राहून गेलं

२९ डिसेंबर २००७, किसुमू

न्योकाबीनं आज पुन्हा माझ्या डब्याकडे बघून नाक मुरडलं. "ओमेना डोळ्यांसकट खाता तुम्ही लुओ. मासा ताटातून बघत असतो, अपियो." मी म्हटलं, "आणि तुम्ही किकुयू? खरंच मेलात का हे बघायला कानाशी नाणं वाजवावं लागतं." ती हसली आणि माझ्याच डब्यातली मक्याची उगाली तोडून घेतली. माझ्याहून पंधरा वर्षांनी लहान, पण हात माझ्याहून स्थिर.

रेडिओवर मतमोजणी. आम्ही दोघींनी वेगवेगळ्या, आपापल्या जमातीच्या माणसाला मत दिलंय. त्यावर बोलत नाही.

उद्या प्रयोगशाळेत बायोटिन. आजारी मुलांच्या रक्तपेशीत हिवतापाचा परजीवी दडून बसतो, पण आपली काही प्रथिनं पेशीच्या बाहेरच्या अंगावर टांगतो. आम्हाला तीच हवीत. बाहेरून बायोटिन, म्हणजे खूण, लावलं की बाहेरच्यांनाच चिकटतं. मग पेशी फोडायच्या, चुंबकी मणी टाकायचे. मणी बायोटिनला पकडतात, खूण असलेलं तेवढं ओढून काढतात. बाकीचं मोरीत.

३० डिसेंबर

निकाल लागला, किकुयू माणूस जिंकला, तेव्हा पेशी बायोटिनमध्ये होत्या. आधी आरडाओरडा, मग पोलिसांच्या गोळ्या. आम्ही दोघी टेबलाखाली. काच फुटून माझ्या केसांत. गोळीबार जरा थांबला तशी मी उठून घाईघाईनं पेशी फोडल्या — एवढं रक्त वाया जाऊ नये म्हणून.

न्योकाबीला घरी जाऊ दिलं नाही. ती कोंडेलेत राहते. तिकडून धूर येतोय.

३१ डिसेंबर

प्रथिनं पसरवून बघायच्या जेलवर वरपासून खालपर्यंत पट्टेच पट्टे. मण्यांनी पेशीतलं सगळं ओढून आणलं.

"ग्लायसिन घातलं होतंस?" न्योकाबीनं विचारलं.

नव्हतं घातलं. उरलेलं बायोटिन आधी ग्लायसिननं मारायचं असतं, मगच पेशी फोडायची.

"मग ते मोकाट सुटलं. समोर येईल त्याला चिकटलं," ती म्हणाली. रागावली नाही. तिची खोली काल जळली, आणि ती माझ्या चुकीवरून माझीच समजूत घालत होती.

२ जानेवारी

दूध आणायला बाहेर पडले. वळणावर टायर पेटवून रस्ता अडवलेला. आमची लुओ पोरं मातातू गाड्या थांबवून ओळखपत्रं बघत होती. एका माणसाला किकुयू नाव वाचून खाली ओढलं. तपकिरी कोट होता अंगात, नीट इस्त्रीचा. पांग्याचं पातं आधी खांद्यावर पडलं, मग मानेवर. त्याचा एक बूट गाडीतच राहिला. कुणीतरी तो बाहेर फेकला आणि गाडी पुढे गेली.

थोडं पुढे आमच्या पाववाल्याची मुलगी रस्त्यात पालथी. तिला पोलिसांची गोळी पाठीत लागली. ती लुओ.

परत आले. न्योकाबीनं विचारलं, "दूध?" मी नाही म्हटलं.

४ जानेवारी

आज तिला बाहेर काढलं. पोलीस ठाण्यातून किकुयूंना घेऊन ट्रक निघणार होते. ठाण्यापर्यंत पोचवणं माझ्याकडे. संस्थेची गाडी, मागे रक्ताच्या नमुन्यांची मोठी पेटी. पेटीमागे न्योकाबी, वर ताडपत्री.

वळणावर अडवलंच.

"डॉक्टरीणबाई, काय लपवलंय?"

"तुमच्या पोरांचं रक्त. बघायचंय?"

एकानं पेटीचं झाकण उचललं. बर्फातल्या नळ्या बघून हात मागे घेतला. त्याच्या पांग्यावरचं रक्त अजून ओलं होतं. दुसरा माझ्याकडे निरखून बघत होता. "ही तीच. आमच्या लेकीच्या बोटाला टोचलं होतं हिनं. जाऊ दे तिला." मग खिडकीत वाकून हळूच, "लेक वाचली, मामी, तुम्हाला सांगायचं राहिलं होतं," म्हणाला. मी हसले. देवा, मी त्याच्याकडे बघून हसले.

ठाण्यात न्योकाबीच्या तळहातावर ओडोंगोचा नंबर लिहिला. माझा जुळा भाऊ. नैवाशाला फुलांच्या मळ्यावर गुलाब बांधतो. ट्रक तिथपर्यंत जाणार, तिचा भाऊ पुढे तिथून तिला घरी नेईल. तिनं माझ्या केसांत राहिलेला काचेचा तुकडा तेवढा काढला.

९ जानेवारी

ओडोंगोचा फोन. पोचली! चार दिवस त्याच्याकडे राहिली. "तुझ्या मैत्रिणीनं मासा खाल्ला, डोळेसुद्धा," म्हणाला. काल तिचा भाऊ, गिचुकी, तिला घ्यायला आला. चहा प्यायला, ओडोंगोचे हात हातात घेऊन रडला. आजूबाजूला कोण राहतं म्हणून चौकशी केली.

"मी सांगितलं, काळजी नाही, चाळीतली सगळी दारं आपलीच, लुओंची. नावानिशी दाखवली त्याला. चांगला मुलगा आहे."

आज प्रथमच झोप लागेल असं वाटतंय.

१९ जानेवारी

एकटीनं पुन्हा केलं. ग्लायसिन आठवणीनं. मणी धुतले, पुन्हा धुतले, मीठ, साबण — पकड ढिली होत नाही. मण्यांनी बायोटिनला एकदा धरलं की उकळल्याशिवाय सोडत नाहीत. जेलवर मोजके, स्वच्छ पट्टे. एक असा की आधी कधी दिसला नव्हता. दाखवायला कुणी नाही.

२७ जानेवारी

नैवाशा पेटलंय. आता किकुयू लुओंना शोधताहेत. ओडोंगोचा फोन लागत नाही.

२८ जानेवारी

न्योकाबीचा फोन. म्हणाली, "अपियो, गिचुकी शनिवारपासून घरी नाही. पोरांनी ट्रक भरला, हा पुढे बसला. मी विचारलं कुठे, तर म्हणाला, मला तिथली वाट माहीत आहे."

मी विचारलं, "तू त्याला काय सांगितलंस?"

"किसुमूत काय पाहिलं ते सगळं. बूट फेकला तेसुद्धा." मग रडत, "मला वाटलं सांगून हलकं होईल."

तिला तो बूट मी सांगितला होता.

फोन ठेवला. हात धुतले. पुन्हा धुतले. त्या चाळीपर्यंतची वाट तिच्या तळहातावर मीच लिहिली होती. जुळ्यांमध्ये आधी जन्मलेलीनं धाकट्याला सांभाळायचं असतं, आई रोज म्हणायची.

३० जानेवारी

मळ्यावरच्या मुकादमाशी बोलणं झालं. चाळ जळली. दारांना बाहेरून कड्या होत्या, म्हणाला. कोण कुठलं ओळखू येत नाही. गुलाब मात्र रोज जाताहेत, बाई, पुढच्या महिन्यात मागणी असते.

फ्रीझरचा आवाज ऐकत बसून राहिले.

३ फेब्रुवारी

ओडोंगो आला. जिवंत! डोक्याचे केस जळून गेलेत, दोन्ही हातांना भाजल्याच्या पट्ट्या. त्याला उगाली भरवली. दोन घास खाल्ले आणि भिंतीकडे बघत म्हणाला, "गिचुकी माझं नाव घेत आला. एकट्या मला ओढून बाहेर काढलं, सगळ्यांना म्हणाला, हा नाही, ह्यानं माझ्या बहिणीला जेवू घातलंय. मग बाकीच्या दारांना त्यानंच कड्या लावल्या. एकही दार चुकलं नाही, अपियो. मी दाखवली होती तशी, त्याच क्रमानं."